बाही

पॅरिसच्या त्या संग्रहाने सेकंदावर भाव सांगितला.
नुरुसुआने आधी स्कूटर विकायला काढली, मग नाही विकली,
मग कॅमेऱ्याची लांब लेन्स विकली
आणि चार सेकंद घेतले.

चार सेकंदांत एक माणूस
मातीची टोपली डोक्यावर घेऊन डावीकडून येतो,
थांबतो, आपल्याकडे बघतो
आणि पुढचं पाऊल टाकायच्या आत रीळ संपतं.
मागे डोंगर अर्धा कापलेला.
रूळ अजून नाहीत, रुळांची फक्त जागा.
आवाज नाही.
मी ध्वनिमुद्रक. मला त्यात काही कामच नव्हतं.

फियानारांत्सुआहून समुद्राकडे उतरणारी गाडी
आठवड्यातून दोनदा सुटते, सुटली तर.
केळीच्या घडांमध्ये जनरेटर ठेवून
आम्ही त्या कापलेल्या डोंगराच्या गावी उतरलो.
पडदा नव्हता. रासुआरीबाईंनी पेटीतून पांढरा लांबा काढला.
"खिळे ठोकू नका," म्हणाल्या,
"मला यातच गुंडाळणार आहेत."

आमच्या भाषेत होऊन गेलेलं डोळ्यांसमोर असतं
आणि येणारं पाठीमागून येतं, न दिसता.
सगळे कापडाकडे तोंड करून बसले.
प्रोजेक्टरचा उजेड पाठीमागून आला.

पहिल्यांदा कोणीच बोललं नाही.
दुसऱ्यांदा बेझाफी काठी टेकत उठले:
हा माझा बाप. डावा पाय ओढतोय, बघा.
तुझा बाप एवढा उंच कुठला, रासुआरीबाई म्हणाल्या,
हा माझा मामा, बोगद्यात गेलेला.
मग टपालवाल्याची आई. मग दोघे भाऊ,
एकमेकांशी न बोलणारे, एकाच वेळी.
मध्यरात्रीपर्यंत सात घरांनी त्याला आपला म्हटलं.
कोणी हटेना, आणि भांडणही होईना.
कोणीतरी घरची दारू आणून कापडापुढे जमिनीवर ओतली.
एक पोरगी त्याच्या बरगड्या मोजत होती,
दर वेळी नऊवर रीळ संपायचं.

विसाव्या वेळी, असेल,
मला चौकटीची उजवी कड दिसली.
तिथून एक हात आत येतो, कोपरापर्यंतच.
कडक पांढरी बाही. मनगटावर
जाळीच्या झाकणाचं घड्याळ. एक बोट वर:
थांब.
माणूस म्हणून थांबतो.
आपल्याकडे बघ: माणूस म्हणून बघतो.

माझ्या हेडफोनमध्ये जनरेटर होता, बेडूक होते,
सात घरांचा कालवा होता,
आणि दुसऱ्या ट्रॅकवर, अगदी जवळ,
नुरुसुआचा श्वास अडकला.

ते घड्याळ मी पाहिलंय. अंत्सिराबेला, तिच्या आईच्या कपाटात,
लग्नाच्या कपबशांशेजारी.
आजोबा रेल्वेत होते, असं त्या घरात म्हणतात.
दुभाषी होते, असं म्हणत नाहीत.

एडिटिंगला बसल्यावर तिने चौकट जराशी आत घेतली.
हात गेला. माणूस राहिला,
आता जणू आपल्या मनाने थांबलेला.
"असं जास्त स्वच्छ दिसतं," ती म्हणाली.
मी काही बोललो नाही.
दुसरा ट्रॅक लावला, आवाज वाढवला
आणि चहा आणायला गेलो.

तीन दिवस तिने फोन उचलला नाही.
चौथ्या दिवशी स्टेशनवर भेटली, रुमालात काहीतरी घट्ट बांधून.
रेकॉर्डर आणू नकोस म्हणाली,
म्हणून यापुढचं माझ्या भरवशावर घ्या.

रासुआरीबाई भात पाखडत होत्या.
नुरुसुआने रुमाल सोडून घड्याळ सुपाशेजारी ठेवलं.
कोणाचं, ते सांगितलं. दोनदा सांगावं लागलं,
पहिल्यांदा आवाजच फुटला नाही.

बाईंनी घड्याळ कानाला लावलं, हलवलं,
पुन्हा लावलं.
"हात आम्ही पहिल्याच वेळी पाहिला होता," म्हणाल्या,
"तू पाहुणी होतीस."

मग सूप उचलून
तिला बसायला जागा केली.